वचनचिठ्ठीचा हुकूमनामा : अपिलात काय टिकते?

प्रश्न : वचनचिठ्ठीच्या (पैसे देण्याचे लेखी वचन, प्रॉमिसरी नोट) दाव्यात कनिष्ठ स्तर न्यायालयाने माझ्याविरुद्ध दोन लाखांचा हुकूमनामा (रक्कम देण्याचा आदेश) केला. सही माझी आहे, पण मजकूर माझा नाही आणि पैसेही मिळाले नाहीत. सही महसुली तिकिटाखाली आहे, तिकिटावर नाही. अपील केले की वसुली थांबेल ना?

उत्तर : नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत 30 दिवस. निकालाच्या प्रमाणित नकलेसाठी लागलेले दिवस त्यातून वगळले जातात, पण नक्कल तयार झाल्यावर ती उचलायला लावलेले दिवस वगळले जात नाहीत. म्हणून निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज द्या. उशीर झालाच, तर विलंबमाफीचा अर्ज अपिलासोबतच जोडा.

स्थगितीचा अर्ज वेगळा करावा लागतो. पैशाच्या हुकूमनाम्यात न्यायालय वादग्रस्त रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगते (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश 41, नियम 1 व 5). ते न केल्यास स्थगिती मिळत नाही आणि अपील चालू असतानाच दरखास्तीत (वादीने केलेल्या वसुलीच्या अर्जात) जप्ती येते. वकिलांच्या फीबरोबर या रकमेचीही तजवीज आधीच करा. बहुतेकांची अडचण इथेच होते. अपिलाची मुदत संपण्यापूर्वी खालच्या न्यायालयाकडूनही तात्पुरती स्थगिती मागता येते.

तिकिटाच्या मुद्द्यावर फार विसंबू नका. रद्द न केलेले (पुन्हा वापरता येणार नाही अशी वर सही वा खूण न केलेले) तिकीट म्हणजे तिकीट नसल्यासारखेच, हे खरे. पण ती हरकत चिठ्ठीला निशाणी (पुराव्याचा क्रमांक) पडण्यापूर्वी घ्यायची असते. एकदा ती पुराव्यात दाखल झाली की, मुद्रांक कायद्याच्या कलम 36 मुळे, त्याच दाव्याच्या अपिलात तो प्रश्न काढता येत नाही.

सही कबूल असल्याने मोबदला (म्हणजे इथे पैसे) मिळाला असे गृहीत धरले जाते (परक्राम्य संलेख अधिनियम, कलम 118). ते खोडण्याची जबाबदारी तुमची. मजकूर दुसऱ्याच्या अक्षरात असणे एवढ्याने भागत नाही. वादीचा उलटतपास पुन्हा वाचा: दोन लाख त्याने कुठून आणले, रोख दिले की बँकेतून, कोणासमोर, प्राप्तिकर विवरणात ते दाखवले का? पहिल्या अपिलात पुरावा नव्याने तपासला जातो, त्यामुळे तुमची खरी ताकद या उत्तरांत आहे. नवा कागद मात्र सहसा घेतला जात नाही; योग्य काळजी घेऊनही तो आधी मिळाला नव्हता, हे दाखवावे लागते. दुसरे अपील फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर होते, तेव्हा सगळा जोर इथेच लावा.

प्रश्न : तिकीट नाही म्हणून माझी चिठ्ठी पुराव्यात घेतली नाही आणि दावा फेटाळला. अपिलात दंड भरून चालेल का?

उत्तर : नाही. दंड भरून कागद पुराव्यात आणण्याची मुद्रांक कायद्याच्या कलम 35 मधली सवलत वचनचिठ्ठीला लागू नाही. दाव्यात मूळ कर्जाचा स्वतंत्र उल्लेख असेल आणि बँकेचा उतारा किंवा साक्षीदार पुराव्यात आलेले असतील, तर त्या आधारावर अपील करा. दावा निव्वळ चिठ्ठीवर उभा असेल, तर आशा थोडी आहे. आधी वादपत्राची प्रत वकिलांकडून तपासून घ्या, कोर्ट फी नंतर भरा.