परफॉर्मन्स आणि व्हिडिओ आर्ट: आणखी किती उघडं व्हायचं?

तू लिहिलं आहेस की दृश्यकलेच्या पदवीचं शेवटचं वर्ष आहे आणि पुढे परफॉर्मन्स (स्वतःचं शरीर आणि कृती हेच माध्यम असलेली कला) व व्हिडिओ आर्टच करायचं आहे. काचेमागे उभं राहून पांढऱ्या पोस्टर रंगाने स्वतःचं नाव लिहायचं, तळहाताने पुसायचं, पुन्हा लिहायचं, असं 40 मिनिटांचं सलग रेकॉर्डिंग तू तीन ठिकाणी पाठवलंस आणि तिन्हीकडून नकार आला. तुझे प्रश्न दोन: आणखी उघडं व्हावं लागेल का, आणि यावर पोट भरतं का?

पहिल्याचं उत्तर स्पष्ट 'नाही'. कलाकार योको ओनो 1964 मध्ये क्योटोत समोर कात्री ठेवून बसल्या आणि प्रेक्षकांनी येऊन त्यांचे कपडे कापले. परफॉर्मन्स कलाकार मरीना अब्रामोविच 1974 मध्ये इटलीतल्या नेपल्समध्ये टेबलावर 72 वस्तू मांडून सहा तास उभ्या राहिल्या. लोकांनी त्या वस्तू त्यांच्यावर हव्या तशा वापरायच्या होत्या. दोन्हीकडे असुरक्षितता आली ती नियमातून: कोणती वस्तू, किती वेळ, कोणी काय करायचं आणि कलाकाराने काय करायचं नाही. तुझा नियम दोन ओळींत लिहून काढ. तो लिहिता येत नसेल तर काम अजून ठरलेलं नाही, आणि अंग जास्त दाखवून ते ठरणारही नाही.

तुझ्या कामाचा प्राण रंगाच्या थरात आहे. प्रत्येक पुसण्यानंतर काचेवर थोडा पांढरेपणा उरतो आणि शेवटी चेहरा दिसेनासा होतो. पण कॅमेरा ऑटो एक्स्पोजरवर असेल, म्हणजे किती उजेड घ्यायचा ते तोच ठरवत असेल, तर काच पांढरी होऊ लागताच तो चित्र अंधारं करतो. पांढरा थर करडा दिसतो, चेहरा काळवंडतो आणि 40 मिनिटांची मेहनत दिव्याचा दोष वाटते. ऑटोफोकसही अक्षरं आणि चेहरा यांच्यात घुटमळत राहतो. एक्स्पोजर, व्हाइट बॅलन्स (पांढरा रंग पांढराच दिसावा यासाठीची सेटिंग) आणि फोकस मॅन्युअल करून लॉक कर. सेकंदाला 25 फ्रेम घेत असशील तर शटर 1/50 सेकंद ठेव. वीज 60 हर्ट्झची असेल तर 30 फ्रेमला 1/60, नाहीतर दिवे लुकलुकतात. काही कॅमेरे अर्ध्या तासाच्या आत आपोआप थांबतात, काही तापून बंद पडतात, म्हणून आधी पूर्ण लांबीची चाचणी घे. 100 एमबीपीएसला (सेकंदाला 100 मेगाबिट) 40 मिनिटांचे सुमारे 30 जीबी होतात, तेव्हा कार्ड 64 जीबीचं लागेल. काचेत कॅमेऱ्याचं प्रतिबिंब येऊ नये म्हणून कॅमेऱ्यामागे काळा पडदा लाव.

आता उलट्या अक्षरांबद्दल. काचेमागून लिहिलेलं नाव समोरून उलटं दिसतं. एडिटमध्ये फ्रेम डावी-उजवी उलटवलीस (फ्लिप) तर नाव वाचता येईल, पण चेहराही उलटेल: तुला आरशात दिसतो तसा, लोकांना दिसतो तो नव्हे. ओळखीवरच्या कामात हा फार मोठा निर्णय आहे. तो सॉफ्टवेअरच्या बटणावर सोडू नकोस. काय निवडलंस आणि का, हे स्टेटमेंटमध्ये, म्हणजे कामासोबत पाठवायच्या तुझ्या निवेदनात, एका वाक्यात लिही.

निवड समिती 40 मिनिटं क्वचितच बघते. दोन-तीन मिनिटांचा वेगळा भाग काढ: सुरुवात, मधला टप्पा आणि शेवटची पांढरी काच, तिन्ही त्यात हवेत. सोबत पूर्ण व्हिडिओची लिंक, लांबी, वर्ष, माध्यम आणि चार-पाच स्थिरचित्रं. लिंकला पासवर्ड असेल तर तो चालतो का, ते दुसऱ्याच्या फोनवर तपास.

हेच काम प्रेक्षकांसमोर करशील तेव्हा थांबण्याची खूण आधीच ठरव आणि ती ओळखणारी, काम थांबवण्याचा अधिकार असलेली एक व्यक्ती जवळ ठेव. नंतर तासभर तरी कुणाला मुलाखत देऊ नकोस. प्रेक्षक चित्रित होणार असतील तर त्यांची संमती आधी घे. घरच्यांविषयी काही उघड करणार असशील तर त्यांचीही. त्यांची गोष्ट एकट्या तुझी नाही.

पोटाचं म्हणशील तर सुरुवातीची वर्षं केवळ या कामावर चालत नाहीत, हे घरीही मोकळेपणाने सांग. एडिटिंग, इतर कलाकारांच्या परफॉर्मन्सचं चित्रीकरण, प्रदर्शनात प्रोजेक्टर व साउंड बसवणं आणि शिकवणं यांतून घर चालतं. शिवाय त्यातून हात तयार होतो. पुढे परफॉर्मन्सचं मानधन, अनुदान आणि रेसिडेन्सी (एखाद्या संस्थेत ठरावीक काळ राहून काम करण्याची संधी) येतात. व्हिडिओ विकताना तो 3 किंवा 5 प्रतींच्या एडिशनमध्ये (मर्यादित, क्रमांकित प्रतींत), सही केलेल्या प्रमाणपत्रासह द्यायची पद्धत आहे. म्हणून मूळ मास्टर फाइल दोन वेगळ्या ड्राइव्हवर आणि आणखी एका ठिकाणी जपून ठेव. आधीचं रेकॉर्डिंग ऑटोवर झालं असेल तर तेच पुन्हा पाठवू नकोस, काच धुऊन नव्याने शूट कर.