सादरीकरण, शिकवणं आणि दृश्यकला: समकालीन नर्तकाला यातलं एक सोडावंच लागतं का?

तुम्ही विचारलंय की रंगमंच, वर्ग आणि आता कलादालनात कोळसा-कागदाचं काम, यातलं काय सोडावं. माझ्या मते काहीच सोडू नका. हे तिन्ही एकमेकांच्या आधारानेच टिकतात. अमेरिकन नर्तकी-कलाकार सिमोन फोर्टी यांच्या 1960-61 च्या नृत्यरचना न्यूयॉर्कच्या ‘मोमा’ने (आधुनिक कलेच्या संग्रहालयाने) 2015 मध्ये संग्रहात घेतल्या, तेव्हा सूचना, रेखाटनं आणि व्हिडिओ यांच्याबरोबर त्या रचना पुढच्या नर्तकांना शिकवणं हाही त्या व्यवहाराचा भाग होता. शिकवता येईल अशी रचनाच संग्रहालयात टिकते.

म्हणून प्रत्येक रचनेचा लेखी आराखडा ठेवा: किती माणसं, किती वेळ, कोणती कामगिरी, काय केलेलं चालणार नाही. तो तिऱ्हाईत नर्तकाच्या हातात देऊन बघा. तो जिथे अडेल, तिथे आराखडा कच्चा आहे.

कलादालनात सगळ्यात जास्त घात करते ती जमीन. काँक्रीटवर नुसती नृत्याची विनाइल चटई अंथरली तर घसरणं थांबतं, पण उडीचा हादरा तसाच नडगीत आणि गुडघ्यात जातो. खाली फोम आणि त्यावर प्लायवूड हवंच. ते मिळणार नसेल तर उड्या काढून टाका आणि जमिनीलगतचं काम वाढवा. शिवाय तिथे प्रेक्षक केव्हाही येतो-जातो, त्यामुळे सुरुवात-शेवट असलेली रचना फसते. पुन्हापुन्हा फिरणारी, पाळीपाळीने करता येणारी रचना करा.

अमेरिकन नृत्यदिग्दर्शिका ट्रिशा ब्राउन जमिनीवर मोठा कागद पसरून हातापायांत कोळसा धरून चित्र काढायच्या. तसं करणार असाल तर 200 जीएसएमपेक्षा (दर चौरस मीटरला ग्रॅममध्ये वजन) जाड कागद घ्या आणि चारही कडा सलग टेपने चिकटवा. नुसते कोपरे चिकटवले तर टाच वळताच कागद सुरकुततो आणि पाय सरकतो. घामाचा थेंब पडला की तिथे कोळसा नीट धरत नाही, तेव्हा कमरेला कापड खोचून ठेवा. फिक्सेटिव्ह (कोळसा कागदावर पक्का करणारा फवारा) हवेशीर जागीच मारा, आणि एकदम जाड थर न देता पातळ दोन-तीन थर द्या.

शिकवताना दुखापत होते ती बहुतेकदा दाखवण्यामुळे: शरीर गरम नसताना आणि दर वेळी त्याच बाजूने. बाजू आलटून-पालटून दाखवा, बाकीचं तोंडी सांगायला शिका. प्रयोगाच्या दिवशी वर्ग घ्यायचाच असेल तर तो बसून घ्या.

कलादालनाशी होणाऱ्या करारात मानधनाइतकंच महत्त्वाचं आहे ते नंतर काय उरतं ते: प्रयोगात तयार झालेलं चित्र कोणाचं, व्हिडिओ कोण आणि किती काळ वापरणार, तालमींचे पैसे वेगळे आहेत का. हे प्रयोगाआधी लिहून घ्या. चित्र एकदा त्यांच्या भिंतीवर लागलं की मागणं अवघड होतं.