१८५४ वाचून थांबू नकोस

ब्रिटिश सनदी सेवेचा इतिहास वाचायला घेतोयस ना? मग आधी नॉर्थकोट-ट्रेव्हेलियन अहवालच काढ, म्हणजे सरकारी नोकरभरती सुधारण्यासाठी नॉर्थकोट आणि ट्रेव्हेलियन या दोघांनी लिहिलेला अहवाल. जेमतेम वीसेक पानांचा आहे, एका बैठकीत होतो. महत्त्वाकांक्षा नसलेले, आळशी आणि अकार्यक्षम लोक वशिल्याने सरकारी नोकरीत येऊन चिकटतात, असं त्यात धडधडीत लिहिलंय. खाली तारीख २३ नोव्हेंबर १८५३. छापून आला १८५४ मध्ये.

नवखे इथेच फसतात; मीही फसलो होतो. अहवाल आला म्हणजे वशिला संपला असं धरून चालू नकोस. १८५५ मध्ये भरतीच्या परीक्षांसाठी सनदी सेवा आयोग नेमला, पण तो बहुतेक वेळा वरून नाव सुचवलेल्यांचीच परीक्षा घ्यायचा. खुली स्पर्धा आली १८७० मध्ये, पंतप्रधान ग्लॅडस्टनच्या काळात, अर्थमंत्री रॉबर्ट लो यांच्या रेट्याने. तीही खात्याच्या प्रमुखाची संमती असेल तरच. परराष्ट्र आणि गृह खात्यांनी तेव्हा चक्क हात वर केले!

आणि हो, ट्रेव्हेलियन आधी कंपनी सरकारच्या नोकरीत हिंदुस्थानात होता. हिंदुस्थानातल्या सनदी नोकरीसाठी लंडनमध्ये खुली परीक्षा १८५५ मध्येच झाली, म्हणजे मायदेशाच्या पंधरा वर्षं आधी. हा धागा पकडून पुढचं वाच. त्यात १८५३ चा सनदी कायदा (कंपनीच्या सनदेचा, म्हणजे चार्टर ॲक्ट) आधी घे; ती खुली परीक्षा त्यातूनच आली.