खान्देशात 'बोका', 'भिजेल मांजर', 'शिंकं तुटलं' असं म्हणतात, त्याचा नेमका अर्थ काय?

तुम्ही नोकरीसाठी जळगावला आलात आणि हे तीन शब्दप्रयोग ऑफिसात रोज कानावर पडतात, असं तुमच्या प्रश्नात आहे. आधी एक खूण लक्षात ठेवा. समोरचा बोका म्हणतोय, मांजर म्हणतोय की मनी, ते नीट ऐका. प्राणी तोच, पण नाव बदललं की माणूस बदलतो.

बोका म्हणजे नर. मोठ्या माणसाला बोका म्हटलं की तो टपून बसणारा, आयत्यावर ताव मारणारा आणि वर खाऊन सुस्तावलेला. सोसायटी, बाजार समिती, ठेकेदारी असले विषय निघाले की हा शब्द हमखास येतो, तेव्हा तो शिवीच्या जवळ जातो. तोंडावर कुणाला म्हणू नका. लहान पोराला मात्र 'ए बोक्या' म्हणणं लाडाचं आहे. मनी आणि माऊ तर निव्वळ मायेचे. नुसतं 'मांजर' म्हटलं तर दबलेला, गप्प माणूस.

'भिजेल मांजर' इथे बाहेरून आलेला माणूस हटकून चुकतो. प्रमाण मराठीत 'भिजेल' म्हणजे पुढे भिजणार. अहिराणीत, म्हणजे खान्देशातल्या बोलीत, तसं नाही. तिथे क्रियापदाला 'एल' लागला की काम झालेलं असतं: फाटेल सदरा म्हणजे फाटलेला, मरेल उंदीर म्हणजे मेलेला. म्हणून भिजेल मांजर म्हणजे भिजलेलं मांजर. 'साहेब उना ना, भिजेल मांजर व्हई गया' म्हणजे साहेब आल्याबरोबर गडी पार गप्प झाला. भुसावळकडे हिंदी आणि मराठी एका वाक्यात चालतात, तिथे 'भीगी बिल्ली'ही ऐकाल, अर्थ तोच. पण याला 'गरीब गाय' समजू नका. गाय स्वभावानेच गरीब असते. भिजेल मांजर वाळलं की पुन्हा नखं काढतं, आणि बोलणाऱ्याला तेच सुचवायचं असतं.

अहिराणीत 'ळ'चा 'य' होतो, तेही कानाला लावून घ्या. 'मांजरना गयामा घंटा कोन बांधी?' यातला 'गया' म्हणजे गळा, गेला नव्हे. 'डोया झाकीसन' म्हणजे डोळे मिटून. मांजर डोळे मिटून दूध पिते, तसं लपूनछपून करणाऱ्याला हे ऐकवतात.

आता शिंकं. हा माझ्या मते तिन्हींतला सगळ्यात नेमका प्रयोग आहे, आणि सगळ्यात जास्त चुकीचा वापरला जाणारा. धाब्याच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या घरात लाकडी सऱ्याला (तुळईला) दोरीचं शिंकं टांगलेलं असे, त्यात दूध, दही, लोण्याची मडकी एकावर एक. बोका उडी मारूनही पोचणार नाही इतक्या उंचीवर. दोरी कडीला घासते, तिथेच झिजते आणि एक दिवस तिथेच तुटते. बोक्याने त्यात काहीच केलेलं नसतं, तो फक्त खाली बसलेला असतो. म्हणून 'शिंकं तुटलं, बोक्याचं फावलं'. रावेरला दोन व्यापारी केळीच्या भावावरून अडून बसले आणि माल तिसऱ्याने उचलला, तर तिसऱ्याबद्दल हे बरोबर. पण सहकाऱ्याला मेहनतीने बढती मिळाली आणि तुम्ही कौतुक म्हणून हे बोललात, तर त्याचा अपमान होईल. तुझं काही कर्तृत्व नाही, असाच अर्थ निघतो.

मांजराच्या आणखी दोन म्हणी कानावर येतील. 'उंदराला मांजर साक्ष' दोन अर्थांनी चालतं: एक, ज्याचा स्वतःचा स्वार्थ गुंतलाय त्याची साक्ष काढणं, दुसरा, दोन लबाडांनी एकमेकांना दुजोरा देणं. कोणता ते प्रसंगावरून ठरतं. 'कुत्र्याचे पाय मांजराला' हे घाणेरड्या अक्षराबद्दल किंवा हिशेबाच्या घोळाबद्दल.

मूळ शब्दाचं म्हणाल तर संस्कृत मार्जार, 'मृज्' म्हणजे साफ करणे या धातूवरून; अंग चाटून स्वच्छ ठेवणारा प्राणी. प्राकृतात त्याचं मंजर झालं आणि आपल्याकडे मांजर. हिंदीतली बिल्ली आणि गुजरातीतली बिलाडी यांचं घराणं वेगळं.

दोन शब्द मात्र फसवे आहेत. उदमांजर हे मांजर नाही, ते वेगळ्या कुळातलं. शिवाय हिंदीतला उदबिलाव म्हणजे आपलं पाणमांजर, त्यामुळे हिंदी-मराठीची सरमिसळ झाली की गोंधळ होतो. आणि मांजरपाट म्हणजे कोरं, जाडंभरडं सुती कापड. जुन्या लिखाणात 'मादरपाट' असंही रूप दिसतं, मांजराशी त्याचा संबंध नाही.