हार्ड डिस्कचं दुकान टाकायचं म्हणतेस, म्हणून

प्रिय बाळ,

अनेक आशीर्वाद.

परवा तू खानापूरहून मुद्दाम आलीस, दुकानात तासभर बसलीस आणि उठताना विचारलंस, "काका, नुसत्या पेन ड्राइव्ह, हार्ड डिस्क, एसएसडीचंच दुकान बेळगावात चालेल काय?" समोर गिऱ्हाईक होतं, म्हणून मी "बघू" म्हणून वेळ मारून नेली. ते बरोबर झालं नाही. तू मनापासून विचारलं होतंस. म्हणून आज दुकान वाढवल्यावर लिहायला बसलोय.

चालेल. पण मुंबईहून स्वस्तात आणायचं आणि इथे चार पैसे चढवून विकायचं, असा जो हिशेब तुझ्या वहीत मी बघितला, तो आता जुळत नाही. मी खडेबाजारात उमेदवारी केली तेव्हा तो जुळायचा, कारण मुंबईचा भाव इथल्या गिऱ्हाइकाला माहीत नसायचा. आज तो त्याच्या हातातल्या मोबाईलवर असतो. तुला चार पैसे मिळणार ते माल तपासून देण्याचे.

आधी भावाचं सांगतो, कारण त्यात मी स्वतः पोळलोय. २०११ च्या पावसाळ्याअखेरीस थायलंडात मोठा पूर आला. जगातल्या हार्ड डिस्कांचा मोठा हिस्सा तेव्हा तिथे तयार व्हायचा. वेस्टर्न डिजिटलचे कारखानेही पाण्याखाली गेले. मी त्याच सुमारास एका शाळेला संगणक कक्षाचं कोटेशन देऊन बसलो होतो. काही आठवड्यांत डिस्कचा भाव जवळजवळ दुप्पट झाला. दिलेला शब्द पाळला, फरक घरातून घातला. त्याचं मला दुःख नाही. दुःख पुढच्या चुकीचं आहे. भाव आणखी चढणार या हिशेबाने मी उधारीवर डिस्का उचलून ठेवल्या, आणि पुढच्या वर्षात भाव हळूहळू उतरत गेला. कपाटात माल, डोक्यावर देणं. तुझ्या काकूने त्या वर्षी दिवाळीला काहीच मागितलं नाही, ते मला अजून आठवतं.

चढउताराची कारणं दरवेळी वेगळी असतात. २०२१ मध्ये चिया नावाच्या आभासी चलनासाठी लोकांनी मोठ्या डिस्का ओढल्या. २०२३ मध्ये फ्लॅश चिपांचा माल बाजारात इतका झाला की त्याच चिपांपासून बनणारी एसएसडी मातीमोल झाली. २०२५ च्या अखेरीस एआयच्या डेटा सेंटरांनी मागणी वाढवली आणि रॅम, एसएसडी दोन्ही महागले. यातलं काहीही बेळगावात बसून तुला आधी कळणार नाही. म्हणून पंधरा दिवसांत जाईल तेवढाच माल ठेव, आणि प्रत्येक कोटेशनवर "हा भाव सात दिवसांपुरता" असं ठळक लिही. गिऱ्हाइकाला ते आवडत नाही. तरी लिही.

आता खरेदी. आपलं गाव मोक्याच्या जागी आहे. एका अंगाला हुबळी, दुसऱ्या अंगाला कोल्हापूर, दोन्ही साधारण शंभर किलोमीटरवर. मोठ्या खेपेला बेंगळुरूचा एस. पी. रोड किंवा मुंबईचा लॅमिंग्टन रोड. रात्रीच्या गाडीत पार्सल टाकलं की सकाळी हातात. पण जीएसटी नंबराचे पहिले दोन आकडे बघायची सवय लाव. २९ म्हणजे कर्नाटक, २७ महाराष्ट्र, ३० गोवा. हुबळीच्या बिलावर केंद्राचा सीजीएसटी आणि राज्याचा एसजीएसटी नऊ-नऊ टक्के लागतील, कोल्हापूरच्या बिलावर दोन राज्यांमधल्या व्यवहाराचा आयजीएसटी अठरा टक्के. एकूण बोजा तेवढाच. खरेदीवर भरलेला कर आपल्या करातून वळता करताना मात्र हिशेब वेगळा बसतो. पन्नास हजारांच्या वर माल असेल तर वाहतुकीसाठी ई-वे बिल लागतं.

तुझ्या ओळखीच्या कुणीतरी जीएसटीतली लहान व्यापाऱ्यांची कंपोझिशन योजना घे म्हणून सांगितलं म्हणालीस. व्यापाऱ्याला एक टक्का कर, कागदपत्रं कमी, हे खरं. पण कंपोझिशनवाल्याला दुसऱ्या राज्यात माल विकता येत नाही. मुंबई-पुण्याच्या मधल्या दुकानदाराला याने फरक पडत नसेल, तुला पडेल. चंदगड आणि गडहिंग्लजचे दुकानदार वर्षानुवर्षं बेळगावातून माल नेतात आणि ती दोन्ही गावं महाराष्ट्रात आहेत. शिवाय तुझ्या बिलावर कराचा परतावा मिळणार नाही म्हटल्यावर उद्यमबागेतला फौंड्रीवाला तुझ्याकडे येणारच नाही. नियमित नोंदणीच घे. आणि ज्याच्याकडून घेशील त्याने तुझं बिल आपल्या विवरणात भरलंय का, हे दर महिन्याला पोर्टलवर बघ. एका पुरवठादाराने मला बिल दिलं पण भरलं नाही. त्या कराचा परतावा मला कधीच मिळाला नाही.

आता ज्यासाठी हे पत्र मुख्यतः लिहितोय, ते सांगतो.

२०१३ ची लग्नसराई. एका ठोक व्यापाऱ्याकडून मी ३२ जीबीची मेमरी कार्डं घेतली होती. छापील वेष्टन, होलोग्राम, सगळं व्यवस्थित. त्यातलं एक कार्ड अनगोळच्या एका शूटिंगवाल्याने नेलं. कार्ड आतून ८ जीबीचंच होतं. त्याच्या कंट्रोलरमध्ये, म्हणजे कार्ड चालवणाऱ्या आतल्या चिपमध्ये, खोटा आकडा भरला होता, म्हणून कॅमेऱ्याला आणि संगणकाला ते ३२ दिसायचं. आठ भरेपर्यंत सगळं नीट चाललं. पुढचं कार्ड "लिहिलं" म्हणत गेलं आणि प्रत्यक्षात काहीच राहिलं नाही. हळद होती, सीमांतपूजन होतं. अक्षता पडल्या तिथून पुढे नुसत्या नावाच्या फायली. तिसऱ्या दिवशी मुलीचे वडील दुकानात आले. ओरडले नाहीत. "काका, तेवढा अक्षतांचा भाग निघतो काय बघा की," एवढंच म्हणाले. मी दोन रात्री बसलो. नव्हताच तो भाग, निघणार कुठून?

तेव्हापासून माझ्या दुकानात मागे एक जुना संगणकाचा डबा चालू असतो. तू बघितलास, विचारलं नाहीस. त्याला यूएसबी हब लावलाय आणि त्याचं काम एकच: कार्ड, पेन ड्राइव्ह काठोकाठ भरायचं आणि परत वाचून ताडून बघायचं. विंडोजवर एचटूटेस्टडब्ल्यू, लिनक्सवर एफथ्री. दोन्ही फुकट मिळतात. सेकंदाला दहा एमबी लिहिणारं ३२ जीबीचं कार्ड भरायलाच पाऊण तासाच्या वर लागतो, म्हणून हे काम रात्री लाव. प्रत्येक लॉटमधले दोन नग फोडून तपास. शूटिंगवाल्याला द्यायचं कार्ड मात्र त्याच्यादेखत फोड, एक न एक तपास, आणि निकाल त्याला पडद्यावर दाखव. तो वेळ त्याला द्यायला लाव. त्याला घाई असेल तर उद्या ये म्हण.

दोन टीबीचा पेन ड्राइव्ह चारशे रुपयांत, असलं कुणी घेऊन आलं की हसू नकोस. त्याला भरून दाखव. अशा एका तपासणीतून माझी पाच-सहा घरं कायमची जोडली गेली आहेत.

हार्ड डिस्कचंही तसंच. वापरलेली डिस्क पुसून नवी म्हणून विकतात. क्रिस्टलडिस्कइन्फो लावून ती किती तास चालली ते बघायचं, हे तुला ठाऊक आहे. पण तो आकडाही शून्य करता येतो. २०२५ च्या सुरुवातीला जर्मनीत हेच उघडकीला आलं: सर्व्हरमध्ये हजारो तास राबलेल्या सीगेटच्या डिस्का नव्या म्हणून विकल्या गेल्या होत्या, नेहमीचा आकडा पुसला होता, पण फार्म नावाच्या आतल्या नोंदीत खरे तास राहिले होते. तेव्हा सीगेटची डिस्क आली की दोन्ही आकडे ताडून बघ. सीरियल नंबर कंपनीच्या साइटवर घालून भारतातली वॉरंटी बघ. खोक्यावर आयातदाराचं नाव-पत्ता, महिना-वर्ष आणि एमआरपी नसेल तर तो माल कितीही स्वस्त असो, घेऊ नकोस. वॉरंटीत डिस्क बदलायला गिऱ्हाईक तुझ्याच दारात येणार आहे.

खप कशाचा, हेही विचारलं होतंस. पेन ड्राइव्हचा धंदा उतरतोय, लोक फोनवरून पाठवतात. तरी शिवजयंतीचे चित्ररथ आणि गणपती आले की मंडळांची रीघ लागते. तेव्हा हमखास तक्रार येते: "काय ओ काका, डेकला लागंना झालंय." पेन ड्राइव्ह चांगला असतो. ६४ जीबीचा तो एक्सफॅट नावाच्या फॉरमॅटमध्ये येतो आणि जुना डेक किंवा गाडीतला स्टिरिओ फक्त फॅट३२ हा जुना फॉरमॅट वाचतो. मंडळाला, भजनवाल्यांना ३२ जीबीचाच दे, पैसेही कमी लागतात. "ह्यात गाणी भरून द्या" म्हणतील. ते करू नकोस. पूर्वी बाजारात हे सर्रास चालायचं. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ मध्ये त्याला सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड आहे.

खरा धंदा सीसीटीव्हीत आहे. पेढ्या, पतसंस्था, फौंड्र्या, निपाणीकडची तंबाखूची गोदामं, साखर कारखाने, सगळ्यांना रेकॉर्डिंग लागतं. इथे नुसता हिशेब करून दाखवलास तरी तू इतरांच्या पुढे जाशील. एक कॅमेरा सेकंदाला दोन मेगाबिट लिहीत असेल तर दिवसाला २१.६ जीबी होतात. आठ कॅमेऱ्यांचे १७३ च्या आसपास. म्हणजे एक टीबी सहा दिवसही पुरत नाही, आणि महिनाभराचं रेकॉर्डिंग हवं तर सहा टीबी लागते. बहुतेक ठिकाणी एक टीबी बसवून "महिनाभर राहील" असं सांगितलेलं असतं. चोरी झाल्यावर दहा दिवस मागचं बघायला जातात तेव्हा कळतं. आणि तिथे चोवीस तास लिहिण्यासाठी बनवलेलीच डिस्क दे. साधी डेस्कटॉपची स्वस्त पडते, पण त्या कामात लवकर दमते.

दुसरं म्हणजे जुन्या लॅपटॉपला एसएसडी. विद्यार्थी, वकील, सीए सगळे येतात. एम.२ ची पट्टी, म्हणजे पट्टीच्या आकाराची एसएसडी, देण्याआधी मशीन उघडून बघ, कारण साटा आणि एनव्हीएमई या तिच्या दोन जाती दिसायला जुळ्या बहिणी आहेत आणि एकीच्या जागी दुसरी चालेलच असं नाही.

"एक टीबी म्हणून दिली आणि ९३१ च दाखवते, फसवलं" असं म्हणत कुणी आलं तर वाद घालू नकोस. कंपनी हजाराच्या पटीने मोजते, विंडोज १०२४ च्या. कागदावर गुणाकार करून दे. बैलहोंगल, सौंदत्तीकडचं गिऱ्हाईक असेल तर तो गुणाकार कन्नडमधून समजाव. तुला कन्नड वाचता येतं पण बोलायला लाजतेस, हे माझ्या लक्षात आलंय. "बर्री, कूडरी" म्हणून बसायला सांगितलंस तरी माणूस अर्धा आपला होतो. घरात मराठी जप, दुकानात दोन्ही बोल. पाटी रंगवताना साठ टक्के कन्नडचा नियम आधीच लक्षात घे, म्हणजे दोनदा खर्च नको.

एक गोष्ट जरा कडक सांगतो. दुरुस्तीला आलेल्या, बदलायला आलेल्या डिस्कमध्ये माणसांचं घर असतं. फोटो, बँकेची कागदं, डॉक्टरचे रिपोर्ट. कामापुरतं सोडून एकही फाइल उघडायची नाही. तू नाहीस, तुझ्याकडे ठेवशील तो पोरगाही नाही. जुनी डिस्क विकत घेतलीस तर नुसतं क्विक फॉरमॅट पुरत नाही, हार्ड डिस्कमधलं तेवढ्याने काही जात नाही. हार्ड डिस्क एकदा पूर्ण शून्यांनी भर, एसएसडीला कंपनीच्या सॉफ्टवेअरने सिक्युअर इरेज दे, आणि मगच काउंटरवर ठेव. बाईमाणूस दुकानात आहे म्हणून अनेक बायका विश्वासाने फोन, कार्डं घेऊन तुझ्याकडे येतील. तुझ्या दुकानाचं हे मोठं भांडवल आहे आणि माझ्यापाशी ते कधी नव्हतं.

टकटक आवाज करणारी डिस्क आली तर परत परत लावून बघू नकोस, वीज बंद कर आणि लॅबला पाठव. दुकानात झाकण उघडायचं नाही. एसएसडीवरून पुसलेली फाइल बहुधा परत येत नाही, तेव्हा खोटी आशा दाखवून पैसे घेऊ नकोस. डिस्क घेऊन जाणाऱ्या प्रत्येकाला विचार, "दुसरी प्रत कुठे आहे?" दुसऱ्या डिस्कचा खप यातून होतो हे खरंय, पण मी ते अनगोळच्या त्या लग्नामुळे विचारतो.

भांडवलाचं तुझ्या बाबांशी मी बोलेन. गणपतीआधी दुकान सुरू करायचा अट्टहास नको. आधी दोन महिने माझ्याकडे मागच्या डब्यावर बस. रविवारी सकाळच्या गाडीने ये, हुबळीच्या दोन पुरवठादारांचे दरपत्रक काढून ठेवलंय. येताना तुझी ती हिशेबाची वही आण, कोटेशनच्या नमुन्यापासून सुरुवात करू.

तुझा,
काका