ना डोंगर, ना समुद्र. मग विदर्भातल्या खेड्यातल्या माणसाला आपल्या मुलखाची एवढी ओढ कशाची? भूगोल खरंच माणसाची ओळख घडवतो का, असं तुम्ही विचारलंय.

घडवतो. पण तुम्ही लिहिलंय तसा, आगगाडीच्या खिडकीतून तासन्‌तास नुसतं सपाट रान बघून तो कळायचा नाही. तुमचे पुण्यातले वैदर्भी सहकारी दिवाळी आली की त्या रानाकडे धावतात, याचं तुम्हाला नवल वाटतं. माझं म्हणणं असं, की त्या रानापायी आपलं कुणाकुणावाचून अडतं यावरून माणूस कुठला ते ठरतं.

हे मी दोन मुलखांत राहून सांगतेय. माहेर अकोला जिल्ह्यात, पूर्णेकाठच्या खारपाणपट्ट्यात. सासर भंडारा जिल्ह्यात, धानाच्या मुलखात. नकाशावर दोन्ही विदर्भच, पण लग्नानंतरचं पहिलं वर्ष मला परराज्यात गेल्यासारखंच वाटलं होतं.

खारपाणपट्टा म्हणजे अमरावती, अकोला आणि बुलडाणा जिल्ह्यांतून पूर्णा नदीच्या दोन्ही अंगांनी पसरलेला, साडेचार हजार चौरस किलोमीटरहून मोठा पट्टा. विदर्भातल्या बाकी मोठ्या नद्या पूर्वेकडे किंवा दक्षिणेकडे जाऊन शेवटी गोदावरीला मिळतात, पूर्णा तेवढी पश्चिमेला तापीकडे जाते. तिच्या खोऱ्यात गाळाचा थर भलता खोल, निचरा कमी, त्यामुळे जमिनीखालचं पाणी खारं. वरची माती पाहाल तर काळीभोर. आणि विहीर खोदाल तर त्या पाण्यात डाळ शिजत नाही, साबणाला फेस येत नाही, पिकाला दिलं तर जमीनच बिघडते. असल्या भारी जमिनीचा मालकही आभाळाकडे बघूनच शेती करतो. खरिपात पाऊस मुरवायचा आणि त्या ओलीवर हरभरा काढायचा, ही तिथली जुनी रीत.

आता याचा ओळखीशी संबंध काय? आमच्याकडे गावांची पत गोड्या पाण्यावरून ठरायची. सोयरीक जुळवताना शेती किती याच्या आधी पाणी कसं ते विचारायचे. ज्या गावाच्या नशिबी एखादी गोडी विहीर, त्या गावाशी चार गावांना गोडीगुलाबीनंच राहावं लागे. तिथल्या पाटलाशी भांडण म्हणजे घागर रिकामी परत. पुढे वान धरणावरून चौऱ्यांशी खेड्यांची पाणीपुरवठा योजना आली आणि गावं नळानं एकमेकांशी जोडली गेली. मग वानचं पाणी दुसरीकडे न्यायची गोष्ट निघाली, तेव्हा अकोट-तेल्हाऱ्याकडचे लोक आंदोलनाला उतरले. ज्या गावांचा एरवी एकमेकांशी फारसा संबंध नव्हता ती 'आपलं पाणी' म्हणू लागली. सातपुडा त्या भागातून रोज दिसतो, पण सातपुड्यासाठी कुणी रस्त्यावर बसल्याचं मला आठवत नाही.

कापसाचं वेगळंच. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस विलायतेला पोचेना आणि वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. त्याच दशकात मुंबईची रेल्वे वऱ्हाडातून नागपूरला पोचली. तेव्हापासून वऱ्हाडी शेतकऱ्याचा एक डोळा पऱ्हाटीवर, म्हणजे कपाशीवर, आणि एक बाजारावर. आजही आमच्याकडे दोन माणसं पारावर भेटली की तब्येतीच्या आधी भाव विचारतात. कोरडवाहू कापूस हे मोठं एकटं पीक आहे. शेजाऱ्याच्या वावरातलं पाणी माझ्या वावरात येत नाही, माझं त्याच्या वावरात जात नाही. भांडण झालंच तर धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून. पीक बुडालं तर ज्याचं त्याचं, कर्जही ज्याचं त्याचं. वऱ्हाडी माणूस तोंडानं बडबड्या, पण नड सांगायची वेळ आली की गप्प होतो. त्यामागे या एकटेपणाचा हात आहे असं माझं मत. कुणाला पटणार नाही, चालेल.

धानात हे असं एकटं राहून भागतच नाही. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोलीत हजारो जुने तलाव आहेत. गोंड राजांच्या काळात कोहळी समाजाच्या लोकांनी त्यातले कितीतरी बांधले. पुढे ते मालगुजारांकडे, म्हणजे गावाचा सारा गोळा करून सरकारात भरणाऱ्या जमीनदारांकडे होते, १९५० नंतर मालगुजारी गेली, म्हणून आता त्यांना माजी मालगुजारी, थोडक्यात मामा तलाव म्हणतात. तलावाचं पाणी वरच्या बांदीतून, म्हणजे धानाच्या खाचरातून, खालच्या बांदीत असं उतरत जातं. वरच्यानं पार, म्हणजे बांध, फोडली नाही तर खालच्याचं धान वाळलं. पऱ्हे, म्हणजे धानाची रोपं, तयार झाले की रोवणी (लावणी) लांबवता येत नाही, आणि सगळ्या गावाची रोवणी एकाच वेळी. मी सासरी आले तेव्हा ज्या घराशी आमचं दोन वर्षं बोलणं बंद होतं, त्यांच्याच बांदीत सासूबाई मला रोवणीला घेऊन गेल्या. मी विचारलं तर म्हणाल्या, "बोलनं नाई तं का झालं? पानी त त्याइच्याच बांदीतून येते." झाडीपट्टीत, म्हणजे या धानाच्या मुलखात, सुगीनंतर गावोगाव मंडई (जत्रा) भरते, रात्रभर नाटकं चालतात, वडसा हे तर त्या नाटकांचं मोठं ठाणंच. सगळं गाव एकाच वेळी कामातून मोकळं होतं, म्हणून हे जमतं. कपाशीची वेचणी पार उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत लांबते, तिथे गावाला एकदम सुट्टी कधी मिळणार!

सगळंच माती-पाण्यावर ढकलू नका, हेही सांगते. वर्धा नदी ओलांडली की जमिनीइतकाच कायदाही बदलायचा. नदीच्या पश्चिमेचा वऱ्हाड निजामाकडे होता. १८५३ मध्ये त्याचा कारभार इंग्रजांकडे गेला आणि तिथे रयतवारी आली, म्हणजे शेतकरी थेट सरकारात सारा भरायचा. पूर्वेला नागपूरकर भोसल्यांचा मुलूख, तिथे मालगुजारी, म्हणजे मधे गावचा मालगुजार. १९०३ मध्ये दोन्ही एका प्रांतात आले तरी सवयी राहिल्याच. मोठ्या माणसापुढे माझ्या माहेरचे ताठ बोलतात आणि सासरचे जपून बोलतात, ते केवळ कापूस आणि धानामुळे नव्हे. जातीचं तर विचारूच नका. ज्याला गोड्या विहिरीवर चढूच देत नसत, त्याची त्या गावाशी ओढ पाटलाच्या ओढीसारखी कशी असेल?

'मातीशी नाळ' वगैरे मला फारसं पटत नाही, त्याचं कारण सरळ आहे. हे म्हणणाऱ्यांना बहुतेक जन्मभर एकाच गावात राहायला मिळालेलं असतं. खेड्यातल्या बाईची माती विसाव्या-बाविसाव्या वर्षी बदलते. मला निरोप देताना आजी म्हणाली होती, "तिकळे गोळं पानी हाये, लय झालं." तिकडे आल्यावर मी ज्वारीच्या भाकरीवरून भातावर आले, चिखलात वाकायला शिकले, आणि पाण्यासाठी कुणाशी गोड राहायचं, रोवणीला कुणाच्या हाकेला जायचं हे कळलं, त्या दिवसापासून गाव माझं झालं. मातीशी जन्माची गाठ असती तर निम्म्या विदर्भाला सासरी करमलंच नसतं.

वैनगंगेवर गोसीखुर्दचं धरण झालं (पायाभरणी १९८८ ची), तेव्हा काठावरची गावं उठून नव्या गावठाणांत गेली. अंतर थोडंच. ऊन तेच, भात तोच, बोलीही तीच. तरी तिथले म्हातारे अजून 'आमचं गाव' म्हणतात ते पाण्याखालच्या गावालाच. नव्या जागी प्लॉट ओळीनं पडले, शेजार बदलला, ढिवरांचा, म्हणजे मासेमारांचा, नदीचा घाट गेला, गुरं चारायची जागा गेली. कुणाचं कुणावाचून अडतं ही सगळी मांडणी विस्कटली. मुलांना त्याचं काही नाही, त्यांची अडीनडीची नवी नाती तिथेच जमली.

राहिले तुमचे सहकारी. त्यांची 'विदर्भ' ही ओळख बरीचशी पुण्यातच तयार झालेली असणार. माझा भाऊ गावात असतो तेव्हा त्याच्या लेखी भंडारा म्हणजे फार लांबचा, भातखाऊ मुलूख. मला न्यायला येतो तेव्हा स्वतःच्या भाकरी बांधून आणतो. हाच भाऊ नोकरीच्या निमित्तानं वर्षभर पुण्यात होता तेव्हा त्याचा खोलीसोबती भंडारा जिल्ह्यातल्या साकोलीचा होता, आणि दोघं मिळून मेसवाल्याशी तर्रीवरून भांडायचे.