तुमचे प्रश्न: तीन सुरांनी वेळ मागे?

प्रश्न: भाचा 'मेजोराज मास्क' हा गेम खेळतोय, त्यात एक धून वाजवली की दिवस परत पहिल्यापासून सुरू होतो, पण गेममधले रुपये सगळे गायब! गेम बिघडलाय का? (एक मामा, सांगली)

उत्तर: बिघडला नाही हो मामा, तसंच असतं ते. चंद्र तिसऱ्या दिवसानंतर गावावर आदळणार असतो म्हणून गेमचा नायक लिंक ऑकारिना नावाच्या वाद्यावर 'साँग ऑफ टाइम' ही धून वाजवून पहिल्या सकाळी परत येतो, मुखवटे नि शिकलेल्या धुना राहतात पण खिशातले रुपये जातात, त्यामुळे भाच्याला सांगा आधी गावातल्या बँकेत टाक, तिथले शाबूत राहतात (वेळ मागे गेला तरी खातं चालू, असली बँक आपल्याला कधी मिळायची). धून म्हणजे फक्त तीन सूर, दोनदा. उलटी वाजवली तर वेळ मंदावतो, प्रत्येक सूर डबल वाजवला तर पुढे उडी. याच्या आधीच्या, 1998 साली आलेल्या गेममध्ये याच धुनेने देवळातलं काळाचं दार उघडतं, तिथे मात्र तीन पवित्र रत्नंही लागतात. मला विचाराल तर उलटी धून आधी शिकून घ्यावी, नाहीतर तीन दिवस कसे संपतात कळतच नाही. आणि ऑकारिना मिरजेत तंबोऱ्याच्या दुकानात शोधत बसू नका, ते फुंकायचं वाद्य आहे.